अ‍ॅप बंद केलं तरी आयकॉन घड्याळापाशीच: ट्रे आयकॉन नीट काढायची पद्धत

तुळशीबागेत किंवा लक्ष्मी रोडवर कुठल्याही दुकानात बिलिंगच्या कॉम्प्युटरवर उजवीकडे खाली, घड्याळापाशी, ट्रे म्हणतात त्या जागेत, आयकॉनची रांग दिसते: प्रिंटरचा, बॅकअपचा, अँटिव्हायरसचा आणि बिलिंगच्या अ‍ॅपचा. कधीकधी बिलिंगचा आयकॉन दोनदा दिसतो. काउंटरवरचा मुलगा त्यातल्या एकावर माऊस नेतो, आयकॉन डोळ्यांदेखत गायब होतो आणि लगेच फोन येतो, "सर, सॉफ्टवेअर उडालं." प्रत्यक्षात काहीही उडालेलं नसतं. आदल्या वेळी बंद झालेल्या अ‍ॅपचा आयकॉन मागे राहिलेला असतो, एवढंच. पण ज्याचा दिवसभराचा हिशोब त्या अ‍ॅपमध्ये आहे, त्याच्या विश्वासाला तिथे तडा जातो. म्हणून हा दोष किरकोळ समजून सोडू नये.

कोथरूडच्या फ्लॅटमधून चालणाऱ्या दोन जणांच्या टीमपासून हिंजवडीतल्या मोठ्या ऑफिसपर्यंत, डेस्कटॉप अ‍ॅप लिहिणाऱ्या प्रत्येकाला हा प्रश्न कधी ना कधी भेटतो. खाली मुख्य भर विंडोजवर आहे, कारण दुकानं, दवाखाने, सोसायट्यांची ऑफिसं आणि भोसरी-चाकणच्या कारखान्यांत बहुतेक ठिकाणी तेच चालतं, आणि मेलेला आयकॉन मागे राहण्याचा त्रासही मुख्यतः तिथलाच आहे.

कोडला हात लावण्याआधी माऊस फिरवा

"आयकॉन जात नाही" या एकाच तक्रारीमागे दोन वेगळे आजार असतात आणि त्यांची औषधं वेगळी आहेत. अ‍ॅप बंद करा, पाच सेकंद थांबा, मग राहिलेल्या आयकॉनवरून माऊस फिरवा.

आयकॉन लगेच नाहीसा झाला, तर प्रोसेस (चालू असलेला प्रोग्राम) संपलेली आहे, पण संपण्यापूर्वी तिने आयकॉन काढला नाही. हा पहिला आजार.

आयकॉन हलला नाही, टूलटिपही (माऊस नेल्यावर दिसणारी माहिती) दिसली, राइट क्लिकला मेनूही उघडला, तर तुमचं अ‍ॅप बंदच झालेलं नाही. खिडकी दिसेनाशी झाली, पण प्रोसेस चालू आहे. टास्क मॅनेजर उघडून "डिटेल्स" टॅबमध्ये अ‍ॅपच्या एक्झीचं (.exe फाइलचं) नाव शोधा. ते तिथे सापडेल. हा दुसरा आजार. यात आयकॉन काढायचा कोड लिहून उपयोग नाही, उलट नुकसान आहे: आयकॉन गेला आणि प्रोसेस राहिली, तर ग्राहकाकडे ती बंद करायचा मार्गच उरत नाही. पुढच्या वेळी अ‍ॅप उघडताना डेटाबेसची फाइल लॉक दिसते आणि कारण कळत नाही.

ही तपासणी अर्ध्या मिनिटाची आहे. ती न करता आयकॉन काढायचा कोड चार ठिकाणी लिहून ठेवलेला कितीतरी प्रोजेक्टमध्ये दिसतो, आणि आयकॉन तरीही तिथेच असतो.

आयकॉन मागे का राहतो

विंडोज ९५ पासून ही व्यवस्था मुळात तीच आहे. ट्रेमधला आयकॉन तुमचं अ‍ॅप रेखाटत नाही, टास्कबार दाखवणारा विंडोज एक्सप्लोरर रेखाटतो. तुम्ही शेल_नोटिफायआयकॉन या फंक्शनला एनआयएम_अ‍ॅड हा संदेश देऊन फक्त विनंती करता: ही माझी खिडकी, हा माझा आयकॉन क्रमांक, हे चित्र. एक्सप्लोरर चित्राची स्वतःकडे प्रत करून घेतो आणि नोंद ठेवतो. जाताना तुम्ही एनआयएम_डिलीट पाठवायचं, म्हणजे तो नोंद पुसतो.

तुमची प्रोसेस हे न करता संपली, तर एक्सप्लोररला कोणी कळवत नाही. सोसायटीतला भाडेकरू न सांगता गेला तरी जिन्याखालच्या पाटीवर त्याचं नाव राहतं, तसं. माऊस आयकॉनवर आला की एक्सप्लोरर त्या खिडकीला निरोप देऊ पाहतो, तेव्हा खिडकीच अस्तित्वात नाही हे त्याला कळतं आणि तो आयकॉन काढून टाकतो. माऊस फिरवल्यावर आयकॉन जातो तो यामुळे.

यावरून एक गोष्ट निघते आणि पुढचं सगळं तिच्यावरच उभं आहे: आयकॉन काढायचं काम तुमच्या प्रोसेसने, जिवंत असताना, खिडकी शाबूत असताना करायचं आहे. त्यामुळे खरा प्रश्न "आयकॉन कसा काढायचा" हा नाही, तो एका ओळीत होतो. "माझं अ‍ॅप किती वाटांनी बाहेर पडतं आणि त्या सगळ्या वाटा त्या एका ओळीवरून जातात का" हा आहे.

वाटा कागदावर मांडा

एक कागद घ्या आणि अ‍ॅप संपण्याची प्रत्येक वाट लिहा. साधारण बिलिंग अ‍ॅपमध्ये एवढ्या तरी निघतात: खिडकीच्या कोपऱ्यातली फुली, फाइल मेनूमधलं "बाहेर पडा", ट्रेच्या मेनूमधलं "बाहेर पडा", लायसन्स संपल्यावर कोडने स्वतः बंद करणं, लॉगिनच्या खिडकीतच "रद्द" दाबणं, अपडेटसाठी इन्स्टॉलरने बंद करणं, विंडोज शटडाउन किंवा लॉग ऑफ, न पकडलेला एरर येऊन कोसळणं, आणि टास्क मॅनेजरमधून मारणं.

आता एक फंक्शन लिहा. नाव "बाहेरपडा" असं काहीही ठेवा. त्यात क्रम असा: आधी टायमर आणि मागे चाललेले थ्रेड (समांतर चालणारी कामं) थांबवा, मग न जतन झालेला डेटा लिहा, मग आयकॉन काढा, मग खिडक्या बंद करा, शेवटी संदेशांचं चक्र (विंडोजकडून येणारे संदेश वाचत राहणारा लूप) थांबवा. हे फंक्शन दोनदा बोलावलं गेलं तरी बिघडू नये, म्हणून सुरुवातीलाच एक झेंडा (खरं-खोटं सांगणारं व्हेरिएबल) तपासा: आधीच सुरू झालं असेल तर परत फिरा.

टायमर आधी थांबवण्याला कारण आहे. बऱ्याच अ‍ॅपमध्ये दर काही सेकंदांनी ट्रेची टूलटिप बदलणारा टायमर असतो, "शेवटचा बॅकअप ११:४०" वगैरे. आयकॉन काढल्यानंतर तो एकदा जरी चालला आणि आयकॉन पुन्हा दाखवणारा कोड त्याच्यात असेल, तर काढलेला आयकॉन परत येतो. हा दोष कधी दिसतो, कधी दिसत नाही, आणि शोधायला फार त्रास देतो.

थेट विंडोज एपीआय वापरत असाल तर

सी किंवा सी++ मध्ये एनआयएम_डिलीट पाठवायची योग्य जागा म्हणजे मुख्य खिडकीला ती नष्ट होताना मिळणारा डब्ल्यूएम_डिस्ट्रॉय हा संदेश. डब्ल्यूएम_क्लोज (बंद करायची विनंती) नव्हे, कारण तिथे वापरणारा अजून "बिल जतन करायचं आहे, थांब" म्हणू शकतो. डब्ल्यूएम_डिस्ट्रॉय येतो तेव्हा बंद होणं नक्की झालेलं असतं आणि खिडकीचं हँडल (तिची ओळख) अजून वैध असतं. संदेशांचं चक्र संपल्यावर, मुख्य फंक्शनच्या शेवटी हे काम ठेवलं तर उशीर झालेला असतो.

डिलीटसाठी नोटिफायआयकॉनडेटा या स्ट्रक्चरमधली फक्त तीन घरं भरावी लागतात: सीबीसाइझ (स्ट्रक्चरचा आकार), एचडब्ल्यूएनडी (खिडकीचं हँडल) आणि यूआयडी (आयकॉन क्रमांक). शेवटची दोन अ‍ॅड करताना दिली होती तीच, तंतोतंत. स्ट्रक्चर आधी शून्याने भरून घ्या. फंक्शन खोटं परत करत असेल, तर जवळपास नेहमी यांपैकी एक चुकलेलं असतं: सीबीसाइझ भरायचं राहिलं, यूआयडी वेगळा दिला, किंवा खिडकी आधीच नष्ट झाली. परत आलेली किंमत लॉगमध्ये लिहा. ती एक ओळ पुढचा बराच शोध वाचवते.

यूआयडीऐवजी जीयूआयडीने (एकमेव असा लांब ओळख क्रमांक) आयकॉन ओळखायची सोय विंडोज ७ पासून आहे. ती वापरली असेल तर काढतानाही तोच जीयूआयडी आणि एनआयएफ_जीयूआयडी हा झेंडा द्यावा लागतो. इथे दोन खाचखळगे आहेत. पहिला, मागच्या वेळी अ‍ॅप कोसळून आयकॉन मागे राहिला असेल तर त्याच जीयूआयडीचं अ‍ॅड अपयशी ठरतं. म्हणून सुरू होताना आधी एनआयएम_डिलीट, मग एनआयएम_अ‍ॅड, असा क्रम ठेवा. पहिलं अपयशी झालं तरी दुर्लक्ष करा. यामुळे जुना मेलेला आयकॉनही आपोआप साफ होतो. दुसरा, विंडोज जीयूआयडीची गाठ एक्झीच्या पूर्ण पाथशी मारतं. सही न केलेली एक्झी दुसऱ्या फोल्डरमध्ये हलवली की तोच जीयूआयडी चालत नाही. डेव्हलपरच्या मशीनवर डीबग आणि रिलीज असे दोन फोल्डर असतात, त्यामुळे "माझ्याकडे आयकॉन येतच नाही" हा घोळ तिथेच सुरू होतो. डिजिटल सही केलेल्या एक्झीला ही अडचण येत नाही.

जाता जाता एक्सप्लोरर रीस्टार्टचाही विचार करा. एक्सप्लोरर कोसळून पुन्हा उठला की त्याची यादी कोरी असते. तो "टास्कबारक्रिएटेड" नावाचा संदेश सगळ्या वरच्या पातळीवरच्या खिडक्यांना पाठवतो. तो ऐकून आयकॉन पुन्हा लावायचा असतो. फक्त संदेशांसाठी बनवलेली, एचडब्ल्यूएनडी_मेसेज या पालकाखालची खिडकी वापरत असाल तर हा संदेश तिच्यापर्यंत पोचत नाही. साधी, न दाखवलेली खिडकी वापरा. आणि पुन्हा लावण्यापूर्वी वरचा "बाहेर पडतोय" झेंडा तपासा.

डॉटनेट, विनफॉर्म्स

पुण्यातल्या दुकानांत आणि दवाखान्यांत चालणारी कितीतरी अ‍ॅप विनफॉर्म्समध्ये, म्हणजे डॉटनेटच्या खिडक्या (फॉर्म) बनवायच्या साधनात, लिहिलेली आहेत, म्हणून इथे जरा थांबू.

नोटिफायआयकॉन हा घटक डिझायनरमधून फॉर्मवर टाकला, तर तो फॉर्मच्या कंपोनंट्स या डब्यात जातो आणि फॉर्म डिस्पोज झाला, म्हणजे आवरून मोकळा झाला, की तोही डिस्पोज होतो, आयकॉन जातो. मात्र तोच घटक तुम्ही कोडमध्ये हाताने तयार केला आणि कंस रिकामा ठेवला, तर तो कुठल्याच डब्यात नसतो. फॉर्म गेला तरी त्याला कोणी डिस्पोज करत नाही. गार्बेज कलेक्टर (न लागणाऱ्या वस्तू आपोआप साफ करणारा) करेल अशी आशा ठेवू नका. तो चालवतो त्या फायनलायझरच्या वाटेने आयकॉन काढला जात नाही. उपाय: तयार करताना कंपोनंट्स द्या, किंवा फॉर्मक्लोज्ड इव्हेंटमध्ये व्हिजिबल खोटं करून डिस्पोज बोलवा. नुसतं डिस्पोजही पुरतं. व्हिजिबल खोटं करणं वाचणाऱ्याला हेतू कळावा म्हणून ठेवायला हरकत नाही.

फॉर्मक्लोजिंगमध्ये मात्र हे करू नका. तिथे वापरणाऱ्याने "रद्द" म्हटलं तर अ‍ॅप चालू राहतं आणि आयकॉन गेलेला असतो.

शोडायलॉगने उघडलेला फॉर्म बंद केला तरी तो डिस्पोज होत नाही, फक्त लपतो. लॉगिनच्या खिडकीवर नोटिफायआयकॉन टाकलेला असेल आणि ती शोडायलॉगने उघडत असाल, तर आयकॉन राहण्याचं कारण तिथेच आहे. यूजिंगच्या कंसात उघडा, किंवा आयकॉन लॉगिनवर ठेवूच नका. आमच्या मते आयकॉन कुठल्याच फॉर्मच्या मालकीचा नसावा. अ‍ॅप्लिकेशनकॉन्टेक्स्टपासून स्वतःचा एक क्लास बनवा, आयकॉन त्याच्याकडे द्या आणि त्याच्या एक्झिटथ्रेडकोअरमध्ये डिस्पोज करा. फॉर्म येतील-जातील, आयकॉनचं आयुष्य अ‍ॅपइतकंच राहील.

आता फुलीचा प्रश्न. "फुलीवर क्लिक केल्यावर ट्रेमध्ये जा" अशी सोय असेल तर फॉर्मक्लोजिंगमध्ये असं काहीतरी असतं: क्लोजरीझन यूजरक्लोजिंग असेल तर कॅन्सल खरं करा आणि फॉर्म लपवा. ट्रेच्या मेनूतल्या "बाहेर पडा" मध्ये फॉर्मचं क्लोज बोलावलं, तर त्याचंही कारण यूजरक्लोजिंगच येतं. म्हणजे फॉर्म पुन्हा लपतो, अ‍ॅप बंद होत नाही, आणि ग्राहक सांगतो की बाहेर पडा दाबलं तरी आयकॉन जात नाही. हा दुसरा आजार झाला. इलाज: "खरंच बाहेर पडायचंय" असा एक झेंडा ठेवा, मेनूमध्ये तो आधी खरा करा, मग क्लोज बोलवा, आणि फॉर्मक्लोजिंगमध्ये झेंडा खरा असेल तर आडवं येऊ नका. अ‍ॅप्लिकेशन.एक्झिट बोलावलं तर कारण अ‍ॅप्लिकेशनएक्झिटकॉल येतं आणि हा अडथळा येत नाही. पण कारण न तपासता सरसकट कॅन्सल करणारा कोड असेल, तर तो अ‍ॅप्लिकेशन.एक्झिटही अडवतो आणि शटडाउनलाही आडवा येतो.

एनव्हायरनमेंट.एक्झिट ही वेगळी चीज आहे. तिच्यामुळे फॉर्म बंद होण्याचे इव्हेंट येत नाहीत, फायनली ब्लॉक चालत नाहीत, प्रोसेस थेट संपते. लायसन्स तपासणाऱ्या किंवा डेटाबेस न सापडल्यावर बंद करणाऱ्या कोडमध्ये ती हमखास लपलेली असते. पूर्ण प्रोजेक्टमध्ये तिचं नाव शोधा आणि प्रत्येक ठिकाणी "बाहेरपडा" लावा. शेवटचं जाळं म्हणून अ‍ॅपडोमेनच्या प्रोसेसएक्झिट इव्हेंटमध्ये डिस्पोज लिहून ठेवा, एनव्हायरनमेंट.एक्झिटनंतरही तो येतो. जुन्या डॉटनेट फ्रेमवर्कमध्ये त्या सगळ्या हँडलरना मिळून दोन सेकंदच मिळतात, तेव्हा तिथे बॅकअप वगैरे घुसवू नका. एनव्हायरनमेंट.फेलफास्टनंतर मात्र काहीच चालत नाही.

प्रोसेस संपतच नसेल तर थ्रेड बघा. थ्रेड क्लासने बनवलेला नवा थ्रेड डिफॉल्टने फोरग्राउंड असतो आणि तो चालू असेपर्यंत प्रोसेस जिवंत राहते. वजनकाट्याचा सीरियल पोर्ट वाचणारा थ्रेड हे मार्केट यार्डातल्या अ‍ॅपमधलं नेहमीचं उदाहरण: पोर्टवरून काही येत नाही, थ्रेड वाट बघत बसतो, अ‍ॅप संपत नाही. इझबॅकग्राउंड खरं करा, आणि त्याहून चांगलं म्हणजे बाहेर पडताना पोर्ट बंद करून थ्रेडला सोडवा.

डब्ल्यूपीएफ या डॉटनेटच्या दुसऱ्या साधनात ट्रे आयकॉनचा स्वतःचा घटक नाही. लोक विनफॉर्म्सचाच नोटिफायआयकॉन किंवा एखादी लायब्ररी वापरतात. डिस्पोज अ‍ॅप क्लासच्या ऑनएक्झिटमध्ये करा. शटडाउनमोड डिफॉल्टने ऑनलास्टविंडोक्लोज असतो, त्यामुळे कुठेतरी बनवून न दाखवलेली एखादी खिडकीही अ‍ॅपला जिवंत ठेवते. ट्रे अ‍ॅपसाठी ऑनएक्सप्लिसिटशटडाउन ठेवा आणि शटडाउन स्वतः बोलवा.

पायथन, क्यूटी, इलेक्ट्रॉन, जावा

पायथनमध्ये पायस्ट्रे ही लायब्ररी वापरत असाल तर बाहेर पडताना आयकॉनचं स्टॉप बोलवायला हवं, आणि ते मुख्य थ्रेड संपण्याच्या आधी. डीमन (मुख्य प्रोग्रामसोबत आपोआप संपणाऱ्या) थ्रेडमध्ये आयकॉन चालवून मुख्य प्रोग्राम तसाच संपवला की आयकॉन मागे राहतो. खिडक्यांसाठीच्या टीकेइंटरसोबत वापरताना ट्रेच्या मेनूचा कॉलबॅक वेगळ्या थ्रेडवर येतो. तिथून थेट खिडकी नष्ट करू नका. कॉलबॅकमध्ये स्टॉप बोलवा आणि खिडकी बंद करायचं काम रूटच्या आफ्टरने मुख्य थ्रेडकडे सोपवा. दुय्यम थ्रेडमधून सिस.एक्झिट केलं तर फक्त तो थ्रेड संपतो, आणि ओएस._एक्झिट काहीही आवरत नाही. पायइन्स्टॉलरने एकाच फाइलमध्ये बांधलेली एक्झी विंडोजवर दोन प्रोसेस चालवते. टास्क मॅनेजरमधून बाहेरची मारली की आतली तशीच चालू राहते आणि आयकॉन हलत नाही. अशा वेळी टास्ककिल या कमांडला टी हा पर्याय द्या, म्हणजे पूर्ण झाड पडतं.

क्यूटीमध्ये क्यूअ‍ॅप्लिकेशनच्या अबाउटटूक्विट सिग्नलला ट्रे आयकॉनचं हाइड जोडून टाका, एवढ्याने बहुतेक काम होतं. पायक्यूटीमध्ये हे जास्त गरजेचं आहे, कारण बंद होताना वस्तू कुठल्या क्रमाने नष्ट होतील यावर विसंबता येत नाही. शिवाय मुख्य खिडकी ट्रेमध्ये लपवणारं अ‍ॅप असेल तर सेटक्विटऑनलास्टविंडोक्लोज्ड खोटं करा. नाहीतर मुख्य खिडकी लपलेली असताना सेटिंगची छोटी खिडकी बंद केली की पूर्ण अ‍ॅपच बंद होतं.

इलेक्ट्रॉनमध्ये ट्रे ही वस्तू फाइलच्या वरच्या पातळीवरच्या व्हेरिएबलमध्ये धरून ठेवा. फंक्शनच्या आत ठेवली तर गार्बेज कलेक्शननंतर आयकॉन अ‍ॅप चालू असतानाच नाहीसा होतो. काढण्यासाठी विल-क्विट इव्हेंटमध्ये ट्रेचं डिस्ट्रॉय. अ‍ॅप.क्विट आणि अ‍ॅप.एक्झिट यांत मोठा फरक आहे: एक्झिटमध्ये बिफोर-क्विट आणि विल-क्विट येतच नाहीत, म्हणून त्याच्या आधी डिस्ट्रॉय हाताने बोलवावं लागतं. खिडकीच्या क्लोजला अडवून लपवणाऱ्या अ‍ॅपमध्ये "बाहेर पडतोय" हा झेंडा बहुतेक जण बिफोर-क्विटमध्ये खरा करतात. नेहमीच्या बाहेर पडण्याला ते चालतं. पण ऑटोअपडेटरच्या क्विटअँडइन्स्टॉलमध्ये क्रम उलटा असतो, आधी खिडक्यांचे क्लोज आणि मग बिफोर-क्विट. झेंडा खोटाच असल्यामुळे खिडकी लपते, अपडेट अडकतं, आयकॉन राहतो. क्विटअँडइन्स्टॉलच्या आदल्या ओळीत झेंडा स्वतः खरा करा.

जावामध्ये जेफ्रेमची फुली डिफॉल्टने फक्त खिडकी लपवते, आणि ट्रेमध्ये आयकॉन असेपर्यंत एडब्ल्यूटीचा (जावाच्या खिडक्यांची लायब्ररी) थ्रेड थांबत नाही. म्हणून सिस्टमट्रेचं रिमूव्ह बोलवून खिडक्या डिस्पोज करा, किंवा सिस्टम.एक्झिट वापरा, जावा नीट संपली तर आयकॉन ती स्वतः काढते. रनटाइमचं हॉल्ट टाळा.

अपडेट आणि इन्स्टॉलर

मेलेले आयकॉन सर्वांत जास्त इथे तयार होतात. इन्स्टॉलरच्या स्क्रिप्टमध्ये टास्ककिल आणि एफ (जबरदस्तीने बंद करायचा) हा पर्याय लिहिलेला असतो, अ‍ॅप जागच्या जागी मारलं जातं, नवं सुरू होतं, आणि आयकॉन दोन दिसतात. प्रत्येक अपडेटला हेच.

योग्य पद्धत अशी. अ‍ॅपला "बंद हो" असा एक कमांड लाइन पर्याय द्या. तो पर्याय घेऊन उठलेली दुसरी प्रत चालू प्रतीच्या खिडकीला तुमचा स्वतःचा नोंदवलेला संदेश पाठवते आणि ती प्रोसेस संपेपर्यंत, समजा दहा सेकंद, वाट बघते. चालू प्रत तो संदेश मिळाल्यावर तेच "बाहेरपडा" चालवते. दहा सेकंदांत संपली नाही तरच टास्ककिल. चालू प्रत अ‍ॅडमिन म्हणून चालत असेल आणि दुसरी साधी, तर विंडोज तो संदेश अडवतं. चेंजविंडोमेसेजफिल्टरईएक्सने त्या एका संदेशाला परवानगी द्या. टास्कबारक्रिएटेडलाही हेच लागू आहे.

इन्स्टॉलर बनवणारं इनो सेटअपसारखं साधन विंडोजच्या रीस्टार्ट मॅनेजरच्या मदतीने अ‍ॅप बंद करू शकतं. त्या वेळी अ‍ॅपला डब्ल्यूएम_क्वेरीएंडसेशन आणि डब्ल्यूएम_एंडसेशन येतात, सोबत एंडसेशन_क्लोजअ‍ॅप ही खूण. शटडाउनच्या वेळी आयकॉनची चिंता नसते, कारण एक्सप्लोररही जाणारच असतो. म्हणून लोक एंडसेशनकडे लक्ष देत नाहीत. इथे मात्र एक्सप्लोरर जिवंत राहतो. डब्ल्यूएम_एंडसेशन खरं म्हणून आला की आयकॉन काढून टाका.

कारखान्यात मशीनची नोंद घेणारी विंडोज सर्व्हिस असेल तर तिचा आयकॉन वेगळ्या मदतनीस अ‍ॅपमधूनच दाखवावा लागतो, कारण व्हिस्टापासून सर्व्हिस वेगळ्या सेशनमध्ये चालते. सर्व्हिस थांबली की मदतनिसालाही कळलं पाहिजे. नाव दिलेला एक इव्हेंट दोघांत ठेवा, मदतनीस त्याची वाट बघेल आणि मिळाल्यावर स्वतःच्या मुख्य थ्रेडवर "बाहेरपडा" चालवेल.

ज्यावर इलाज नाही

टास्क मॅनेजरमधून किंवा टास्ककिल एफने प्रोसेस जबरदस्तीने मारली तर तुमची एकही ओळ चालत नाही. विंडोजवर आयकॉन राहणार, माऊस फिरवल्यावर जाणार. व्हिज्युअल स्टुडिओमध्ये शिफ्ट-एफ५ ने डीबगिंग थांबवलं तरी हेच होतं, त्यामुळे डेव्हलपरच्या मशीनवर संध्याकाळपर्यंत आयकॉनची रांग लागते. ते बघून कोड बदलू नका. ट्रेच्या मेनूतून बंद करून बघा आणि मगच निष्कर्ष काढा.

न पकडलेला एरर येऊन अ‍ॅप कोसळत असेल तर अनहँडल्डएक्सेप्शनच्या हँडलरमध्ये आयकॉन काढायचा प्रयत्न करता येतो. तिथे तेवढंच करा, बाकी आवराआवर नको. मेमरीची अवस्था तेव्हा भरवशाची नसते.

ट्रेच्या आतल्या टूलबारला शोधून त्यावर माऊस हलल्याचे खोटे संदेश पाठवणारा एक जुना उपाय बऱ्याच कोडमध्ये सापडतो. तो वापरू नका. तो एक्सप्लोररच्या आतल्या रचनेवर उभा आहे आणि विंडोज ११ मध्ये टास्कबार नव्याने लिहिला गेला आहे.

लिनक्सवर स्टेटसनोटिफायरआयटम पद्धतीत आयकॉन डी-बस (प्रोग्रामांनी एकमेकांना निरोप द्यायची सोय) जोडणीशी बांधलेला असतो. प्रोसेस मेली, जोडणी तुटली, आयकॉन गेला. ग्नोम ३.२६ पासून, म्हणजे २०१७ पासून, जुना ट्रेच नाही, तेव्हा तिथे आयकॉन दिसत नसेल तर आधी एक्स्टेन्शन आहे का बघा. मॅकवर मेनूबारमधला आयकॉन प्रोसेससोबत जातो. या दोन्हींवर "आयकॉन जात नाही" अशी तक्रार आली तर जवळपास नक्की प्रोसेसच चालू आहे.

तपासायचं कसं

कागदावरची यादी परत काढा आणि एकेक वाट चालवा. प्रत्येक वेळी माऊस ट्रेपासून लांब ठेवा, कीबोर्डनेच बंद करा, नाहीतर माऊस चुकून वरून जाऊन पुरावा पुसतो. बाणाच्या चिन्हाखाली लपलेले आयकॉनही बघा. विंडोज ११ मध्ये नवा आयकॉन सहसा तिथेच जातो आणि मेलेले आयकॉन तिथे न दिसता साचतात. तपासणीपुरतं सेटिंगमध्ये जाऊन तो आयकॉन कायम दिसेल असा करून घ्या.

टास्ककिल एफशिवाय चालवून बघा. तेव्हा विंडोज फक्त डब्ल्यूएम_क्लोज पाठवतं, त्यामुळे फुलीवर लपणारं अ‍ॅप लपेल. तुम्हाला तेच हवंय का, हे ठरवा. एक्सप्लोरर टास्क मॅनेजरमधून रीस्टार्ट करा: आयकॉन एकदाच परत यायला हवा. अ‍ॅप बंद करताना, खिडकी जाण्याच्या त्या क्षणाला एक्सप्लोरर रीस्टार्ट करून बघणंही फायद्याचं असतं. झेंडा नीट नसेल तर आयकॉन तिथे परत उगवतो. प्रत्येक वाटेनंतर टास्क मॅनेजरमध्ये एक्झीचं नाव उरलेलं नाही याची खात्री करा.

नवी आवृत्ती पोचेपर्यंत दुकानदाराचा फोन आला तर त्याला सांगा: "काका, त्या आयकॉनवरून नुसता माऊस फिरवा, क्लिक करू नका. गेला तर काळजी नाही, अ‍ॅप नेहमीसारखं उघडा. नाही गेला तर राइट क्लिक करून बाहेर पडा दाबा, आणि मग मला सांगा." त्याच्या उत्तरावरून दोनपैकी कुठला आजार आहे हे फोनवरच कळतं. काही जण टास्कबारच्या सेटिंगमध्ये अ‍ॅपचं नाव अजून दिसतंय म्हणून विचारतात, अगदी अनइन्स्टॉल केल्यावरसुद्धा. ती विंडोजने ठेवलेली जुन्या आयकॉनच्या पसंतीची यादी आहे. चालू आयकॉनशी तिचा संबंध नाही, आणि ती साफ करण्यासाठी ग्राहकाला रजिस्ट्रीत हात घालायला लावू नये.